‘दृश्यम’चा बनाव: खोटं एकच, तेही तारखेचं

उंबरठा

आधीच सांगते, ‘दृश्यम’च्या दोन्ही भागांचं रहस्य या धाग्यात उघडं केलेलं आहे. पाहिला नसेल तर आधी पाहा, मग वाचा.

गेल्या शनिवारी घरी पुन्हा ‘दृश्यम’ लावला. निशिकांत कामतांचा हिंदी, २०१५ चा. शेवट माहीत असलेला रहस्यपट मला सहसा पुन्हा बघवत नाही, पण हा दर वेळी जास्तच धरून ठेवतो. गोष्ट थोडक्यात अशी: थोरल्या मुलीच्या हातून पोलीस महानिरीक्षक मीरा देशमुखचा मुलगा मारला जातो, आणि घर वाचवायला तिचा बाप विजय साळगावकर एक बनाव रचतो. हा सिनेमा इतका का धरून ठेवतो ते शोधायचं म्हणून या वेळी वही घेऊन बसले. विजय साळगावकर पोलिसांना जे जे सांगतो ते पानाच्या डाव्या बाजूला, आणि त्यातलं खरं काय ते उजव्या बाजूला. सहलीचा भाग संपला तेव्हा दोन्ही बाजू जवळपास सारख्याच भरल्या होत्या. घरातली चौघं बसने पणजीला गेली? गेली. हॉटेलात उतरली? उतरली. थिएटरात सिनेमा पाहिला, पावभाजी खाल्ली? हो, हो. त्या रात्री घरात काय घडलं याबद्दलचे नकार सोडले, तर त्या सगळ्या हकिकतीत खोटी गोष्ट एकच आहे: २ ऑक्टोबर. सहल झाली ती खुनानंतर.

मला वाटतं या पटकथेची सगळी ताकद इथे आहे. आपल्याकडच्या बहुतेक सिनेमांत गुन्हा लपवणारा माणूस साक्षीदार विकत घेतो, धमकावतो किंवा त्यांना काढून टाकतो. विजयकडे पैसा नाही, माणसं नाहीत. चौथी नापास, गावात केबलचा धंदा. तो साक्षीदारांना खोटं बोलायला लावत नाही, त्यांना खरं बोलू देतो. बसचा कंडक्टर, हॉटेलवाला, थिएटरात सिनेमा चालवणारा, सगळे पोलिसांसमोर शपथेवर सांगू शकतात की हे कुटुंब आलं होतं, कारण ते आलंच होतं. काही दिवसांनी विजय पुन्हा त्यांच्याकडे जातो, सहज गप्पा मारतो आणि बोलता बोलता तारीख त्यांच्या हातात ठेवून येतो. पोलिसांनी कितीही दरडावलं तरी या माणसांच्या चेहऱ्यावर खोटेपणाची रेघ उमटत नाही. चौकशी करणाऱ्याचं मुख्य हत्यार म्हणजे समोरच्याची चुळबुळ, आणि इथे कुणीच चुळबुळत नाही.

दुसरी गोष्ट गायतोंडेची. मुलाची गाडी विजय चालवत नेताना बघणारा एकमेव साक्षीदार तो, आणि तो पोलीस आहे. कुठल्याही दुसऱ्या कथेत इथेच खेळ संपला असता. पण सिनेमाने पहिला तास कशात घालवलाय बघा. गायतोंडे लाचखाऊ आहे, विजय गावकऱ्यांची बाजू घेऊन त्याच्याशी भिडतो, चारचौघांत दोघांची बाचाबाची होते. आपल्याला वाटतं ही नायकाची ओळख चाललीय. प्रत्यक्षात एका साक्षीदाराची किंमत आपल्या डोळ्यांसमोर कमी केली जात असते. गायतोंडे खरं सांगतो तेव्हा सगळं गाव म्हणतं, याचा विजयवर जुना राग आहे. आणि ते गावाचं म्हणणंही खरंच असतं.

‘मध्यंतरापर्यंतचा भाग संथ आहे’ अशी तक्रार मी कितीतरी वेळा ऐकली आहे. त्या संथपणात काय काय पेरलेलं तुम्हाला दिसलं, लिहा. मी वही उघडी ठेवून बसलेय.

केबलवाला

ताई, धाग्याबद्दल मनापासून आभार. मी वीस वर्षं तालुक्याच्या गावी केबलचा धंदा केला, म्हणून एक सांगतो. नायकाचा धंदा उगाच निवडलेला नाही.

केबलवाला हा गावातला एकमेव माणूस आहे जो कुणाच्याही घरात दिवाणखान्यापर्यंत जातो, महिन्याला पैसे घ्यायला जातो, आणि कुणी त्याच्याकडे वळून बघत नाही. कुणाचं कुणाशी वाकडं आहे, कोण उधारीवर जगतंय, कुणाकडे पाहुणे आलेत, सगळं त्याला माहीत असतं. गावातल्या बातम्या लोकल चॅनेलवर लावायच्या त्याही त्याच्याच हातात. आणि रात्र. कंट्रोल रूममध्ये रात्रभर बसायची सवय आमच्यात अनेकांना होती. सिनेमा लावून द्यायचा आणि आपणही बघत बसायचं. विजय त्या रात्री घरी नसतो आणि याचं कुणालाच काही वाटत नाही, ते या धंद्यामुळे.

अजून एक. मूळ मल्याळम सिनेमा डिसेंबर २०१३ मध्ये आला. त्या सुमाराला शहरांतून सेट टॉप बॉक्स सक्तीचे झाले होते, गावाकडे ती सक्ती यायची होती. म्हणजे जुन्या पद्धतीच्या केबलवाल्याचा तो शेवटचा काळ. आज ही गोष्ट लिहायची तर नायकाला दुसरा धंदा शोधावा लागेल. मला ते बघताना फार आत लागतं. आमच्या धंद्यातला माणूस नायक झालेला मी दुसरीकडे कुठे पाहिला नाही.

चाफेकळी

तारखेबद्दल मला एक शंका आहे. मूळ मल्याळममध्ये २ ऑगस्ट आहे. हिंदीत ती २ ऑक्टोबर केली. गांधी जयंती! सगळ्या देशाला पाठ असलेली तारीख. बनाव रचणाऱ्याने आडदिवस निवडायला हवा ना? २ ऑक्टोबरला आपण काय केलं ते लोकांना आठवतं. सुट्टी असते, दारूची दुकानं बंद असतात. कुणीतरी नक्की म्हणेल, छे, गांधी जयंतीला तर मी अमुक ठिकाणी होतो.

अर्थात तारीख विजयने निवडलेली नाही, खून त्या रात्री झाला म्हणून ती आली, हे मान्य. पण लेखकाने ती का निवडली? माझ्या मते बदल करताना हा मुद्दा सुटला.

मनमोर

चाफेकळी, मला नेमकं उलट वाटतं. मी मानसशास्त्र शिकवते, त्यामुळे थोडं लांबेल.

माणसाची आठवण तारखेला बांधलेली नसते. चेहरा, जागा, वास, कुणीतरी काढलेला विषय, यांना बांधलेली असते. तारीख नंतर चिकटवली जाते, आणि ती कुणीही चिकटवू शकतं. अमेरिकेतल्या एलिझाबेथ लॉफ्टस यांचे १९७४ चे प्रयोग आम्ही दर वर्षी वर्गात शिकवतो. विद्यार्थ्यांना मोटारींच्या अपघाताची फीत दाखवली आणि नंतर वेग विचारला. प्रश्नात क्रियापद तेवढं बदललं. गाड्या एकमेकींना ‘लागल्या’ तेव्हा वेग किती होता, किंवा एकमेकींवर ‘धडाडून आदळल्या’ तेव्हा किती होता. आदळल्या म्हणून विचारलेल्यांनी सरासरी ताशी ४०.८ मैल सांगितला. सगळ्यात सौम्य क्रियापद वाट्याला आलेल्यांनी ३१.८. फीत तीच. त्याहून महत्त्वाचा दुसरा प्रयोग. आठवड्यानंतर लोकांना विचारलं, फुटलेली काच दिसली होती का? काच फुटलेली नव्हतीच, पण ‘आदळल्या’ ऐकलेल्यांपैकी जास्त जणांना ती आठवली.

विजय हेच करतो. तो ‘आम्ही २ तारखेला आलो होतो, लक्षात ठेवा’ असं कधीच म्हणत नाही. तसं म्हटलं असतं तर समोरचा थबकला असता. तो दुसऱ्याच विषयावर बोलतो आणि तारीख वाक्यात आधीपासून ठरलेली असल्यासारखी येते. ऐकणाऱ्याचं लक्ष विषयाकडे, तारीख मागच्या दाराने आत. आणि सिनेमाचं नावच ‘दृश्यम’. डोळ्यांनी पाहिलेलं मनात घट्ट बसतं. चौघांचं कुटुंब, दोन मुली, मोकळेपणाने बोलणारा बाप, हे दृश्य त्या लोकांनी खरंच पाहिलेलं आहे. त्या खऱ्या चित्राला खोटी तारीख टाचली की चित्राचा खरेपणा तारखेलाही मिळतो.

आता गांधी जयंती. ज्यांना त्या दिवशी सुट्टी असते त्यांना तो दिवस वेगळा आठवतो, हे तुमचं बरोबर. पण विजयचे साक्षीदार कोण आहेत? कंडक्टर, हॉटेलवाला, खानावळवाला, थिएटरवाला. सुट्टीच्या दिवशी ज्यांना जास्त काम असतं अशी ही माणसं. त्यांना सगळ्या सुट्ट्या एकसारख्याच. गर्दी, गर्दी आणि गर्दी. उलट ‘२ ऑक्टोबर’ हे नाव उच्चारायला सोपं, डोक्यात राहायला सोपं. ११ किंवा १७ तारीख त्यांच्या डोक्यात बसली नसती.

चाफेकळी

हे पटलं. साक्षीदार सगळे सुट्टीच्या दिवशी राबणारे आहेत, हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. मागे घेते.

मांडवीपार

गोव्याहून लिहितोय. पांडोळे असं गाव आमच्याकडे नाही, ते कथेतलं. पण जागेची निवड चांगली आहे. मूळ कथा केरळात इडुक्कीच्या डोंगरात, राजाक्काडला. तिथून ती उचलून आणायची तर लहान गाव, जवळ एक शहर, आणि सगळे सगळ्यांना ओळखतात असा मुलूख हवा. गोवा त्यात बसतो. कामतांनी समुद्रकिनाऱ्यावरचा गोवा दाखवायचा मोह टाळला, यासाठी मला हा सिनेमा आवडतो. पाऊस, ओली माती, बस, चर्च, देऊळ, आडवाटेचं पोलीस ठाणं. आमच्या आतल्या तालुक्यांत असंच आहे.

फक्त गाडी बुडवण्याबद्दल एक सांगतो. आमच्याकडे सोडून दिलेल्या चिरेखाणी बऱ्याच. पावसाळ्यात त्या काठोकाठ भरतात, तळ दिसत नाही. केरळच्या कथेत ऑगस्ट आहे, भर पावसाळा. तेव्हा गाडी आत गेली की महिनोन्‌महिने निर्धास्त. ऑक्टोबरात पाऊस उतरणीला लागलेला असतो. पुढे प्रत्येक आठवड्याला पाणी खाली जाणार, पोरं पोहायला येणार. तारीख बदलल्याचा तोटा मला इथे दिसतो. अर्थात गाडी पुढे सापडते हे कथेला हवंच आहे. ती सापडली नसती तर मीरा देशमुख विजयच्या दारात इतक्या जोराने आली नसती.

खटला_दाखल

वकिली करतो, फौजदारी. दोन गोष्टी मांडतो. कलमं मी जुनीच देतोय, कारण कथा घडते तेव्हा तीच लागू होती. १ जुलै २०२४ पासून नवे कायदे आले आणि क्रमांक बदलले.

पहिली. त्या रात्री जे झालं तो कायद्याने खून ठरला असता का? मुलगा चोरून काढलेल्या चित्रफितीच्या जोरावर मुलीला आणि मग तिच्या आईलाही धमकावतो, शरीराची मागणी करतो. मुलगी त्याच्या हातातला फोन फोडायला जाते आणि घाव डोक्यात बसतो. भारतीय दंड संहितेचं कलम ९६ म्हणतं, खासगी बचावाचा हक्क बजावताना केलेली कुठलीही गोष्ट अपराध नाही. कलम १०० मध्ये, बलात्काराच्या इराद्याने हल्ला झाला तर हा हक्क जीव घेण्यापर्यंत जातो. प्रत्यक्ष हल्ला झाला होता का, धोका त्या क्षणाला होता का, यावर सरकारी वकिलांनी जोरदार वाद घातला असता. पण बचावाची बाजू रिकामी नव्हती. आणि जर ती मान्य झाली असती, तर पुरावा नाहीसा करण्याचं कलम २०१ सुद्धा डळमळलं असतं, कारण ते लागायला मुळात अपराध घडलेला असावा लागतो.

आता विजयने सकाळी सर्वांत आधी काय केलं? फोनची विल्हेवाट लावली. म्हणजे ज्या एका वस्तूवर त्याच्या मुलीचा बचाव उभा राहिला असता, तीच. बनाव जितका पक्का होत जातो तितकी खरं सांगण्याची वाट बुजत जाते. दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत त्या घराकडे कोर्टात सांगायला खरी गोष्ट होती, पण ती सिद्ध करायला काही उरलं नव्हतं. मला हा सिनेमा दर वेळी इथे घशात अडकतो. त्याने हे का केलं तेही कळतं. समोर मुलाची आई पोलीस महानिरीक्षक. चौथी नापास माणसाला न्यायालयाचा भरवसा वाटावा असं त्याने आयुष्यात काही पाहिलेलं नाही. गायतोंडे त्याने रोज पाहिलाय.

दुसरी गोष्ट. ‘मृतदेह सापडला नाही म्हणजे सुटला’ असा समज या सिनेमानंतर फार पसरला. तसं नाही. १९८१ च्या रामानंद विरुद्ध हिमाचल प्रदेश या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेलं आहे, की खून सिद्ध करायला मृतदेह मिळालाच पाहिजे असं नाही. बाकीचा पुरावा तितका भक्कम हवा. साळगावकर वाचतात ते मृतदेह नाही म्हणून नव्हे, तर बाकीचा पुरावाही नाही म्हणून. आणि तो नाही, कारण तारीख हलली.

आणखी एक, कोठडीतल्या मारहाणीबद्दल. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६० प्रमाणे बाईला किंवा पंधरा वर्षांखालच्या मुलाला चौकशीसाठी राहत्या घराबाहेर बोलावताच येत नाही. सिनेमात बायको आणि दोन्ही मुली ठाण्यात. हे पटकथेतलं चुकलेलं नाही. मुलाच्या आईने स्वतःच कायदा बाजूला ठेवलाय, हे दाखवायलाच ते आहे. तिचा पुढचा सगळा पराभव या एका पायरीपासून सुरू होतो.

उंबरठा

वकीलसाहेब, फोनबद्दलचं वाचून मी सुन्न झाले. चार वेळा सिनेमा पाहिला, पण असा विचार डोक्यात आला नाही.

फोनवरून आठवलं. मुलाचं सिम काढून दुसऱ्या फोनमध्ये घालायचं आणि तो फोन चालत्या ट्रकवर टाकायचा, ही युक्ती आज चालेल का?

टॉवर_लोकेशन

दूरसंचार क्षेत्रात काम करतो. उंबरठा ताई, थोडक्यात: कॉलच्या तपशिलात सिमबरोबर हँडसेटचा स्वतःचा ओळख क्रमांक, आयएमईआय, हाही नोंदला जातो. सिम दुसऱ्या हँडसेटमध्ये गेलं तर ते कंपनीच्या नोंदीत दिसतं. कुणी घातलं ते मात्र नोंद सांगत नाही. फोन चालू राहतो तोवर टॉवर बदलत जातात आणि तपास त्या दिशेने निघतो. विजयला हवे असतात ते सुरुवातीचे काही दिवस, आणि तेवढे त्याला मिळतात.

आज कठीण होईल ते त्या मुलामुळे. त्याच्या फोनचं लोकेशन आपोआप कुठेतरी साठत राहिलं असतं, घरच्यांबरोबर शेअर केलेलं असतं, चित्रफीत फोनबाहेरही कुठे जपलेली असती. विजयच्या बाजूनेही तेच. पावभाजीचे पैसे रोख दिले नसते तर वेळेसकट नोंद राहिली असती. ही गोष्ट कागदी बिलांच्या आणि रोखीच्या जगातली आहे.

पाऊलवाट

उंबरठा ताईंनी पेरणी विचारली म्हणून लिहितो. माझ्या मते सगळ्यात धाडसी पेरणी पहिल्याच दृश्यात आहे. सिनेमा सुरू होतो तोच नव्या पोलीस ठाण्यात. विजय तिथे येऊन बसलाय, आणि तिथून आपण मागे जातो. मृतदेह त्याच ठाण्याच्या जमिनीखाली आहे. म्हणजे उत्तर पहिल्या मिनिटाला आपल्या डोळ्यांसमोर, अक्षरशः पायाखाली. पुढे कथेत त्या इमारतीचं बांधकाम चालू असतं. आपण ते बघतो आणि सोडून देतो.

मूळ मल्याळम कथेचे लेखक जीतू जोसेफ यांनी प्रेक्षकाशी तोच डाव खेळलाय जो विजय कंडक्टरशी खेळतो. खून कुणी केला, दाखवलं. का केला, दाखवलं. कुठे पुरला, तेही दाखवलं. गाडी, फोन, सहल, सगळं दाखवलं. इतकं सगळं दाखवल्यावर आपल्याला वाटतं, आपण या घराचे भागीदार आहोत, आपल्यापासून काही लपलेलं नाही. आणि मग अंगणातला खड्डा खणला जातो. मारहाणीनंतर धाकट्या अनूने जागा सांगितलेली असते. सगळं गाव जमलेलं. आपला श्वास अडकतो तो विजयच्या बायकोचा आणि मुलींचा अडकतो म्हणूनच. आणि निघतं काय, मेलेलं जनावर.

इथे त्या तिघींचे चेहरे बघा. भीतीही खरी, आश्चर्यही खरं. विजयने घरच्यांनाही सांगितलेलं नाही. मला वाटतं, तारखेइतकाच हा या बनावाचा कणा आहे. तिघींना काय बोलायचं ते शिकवता येतं आणि त्याने ते शिकवलंय, घोटून घेतलंय. पण एक ना एक दिवस सगळ्यात लहान मूल मोडणार, हे बापाला माहीत आहे. तो त्याबद्दल तिच्यावर रागावत नाही, तिला दोष देत नाही. ती मोडेल हे धरूनच त्याने पुढची तयारी केलीय. तिने खरं सांगितलं आणि खरं सांगूनच ती खोटी ठरली. त्या क्षणाला गाव, पत्रकार, सगळे पोलिसांवर उलटतात.

तिसरी_घंटा

सुंदर प्रतिसाद, पाऊलवाट.

मराठी वाचकांसाठी एक भर. हिंदी रूपांतराची पटकथा उपेंद्र सिधये यांची, छायाचित्रण अविनाश अरुण यांचं, ज्यांनी ‘किल्ला’ दिग्दर्शित केला. गायतोंडे झालेले कमलेश सावंत, धाकटी अनू झालेली मृणाल जाधव, केबलच्या दुकानातला पोऱ्या झालेला प्रथमेश परब. आणि दिग्दर्शक कामत, ज्यांचा ‘डोंबिवली फास्ट’ २००५ चा. तिथेही व्यवस्थेपुढे उभा राहिलेला साधा मध्यमवर्गीय माणूसच होता. तो रस्त्यावर उतरला आणि संपला. विजय घरात बसून टिकतो. एकाच दिग्दर्शकाने दहा वर्षांच्या अंतराने केलेले हे दोन सिनेमे मी एकापाठोपाठ पाहिले आणि बराच वेळ गप्प होतो. १७ ऑगस्ट २०२० ला हैदराबादेत कामत गेले. दुसरा भाग त्यांच्या हातून झाला असता तर, हे मनातून जात नाही.

जपानी_पंखा

‘दृश्यम’बद्दल बोलताना केइगो हिगाशिनो यांच्या २००५ च्या जपानी कादंबरीशी तुलना नेहमी होते, ‘डिव्होशन ऑफ सस्पेक्ट एक्स’शी. जीतू जोसेफ यांनी त्यावरून कथा घेतल्याचं नाकारलं आहे. मला दोन्ही आवडतात आणि दोन्हींतला फरक शिकण्यासारखा वाटतो. (कादंबरीचंही रहस्य फुटतंय, वाचायची असेल तर हा प्रतिसाद सोडा.)

तिथेही तारीखच हलवली आहे, पण उलट्या टोकाकडून. शेजारणीच्या हातून खून होतो, आणि तिच्यावर मूक प्रेम करणारा गणिताचा शिक्षक दुसऱ्या दिवशी एका बेघर माणसाला मारून त्याचा मृतदेह पहिल्याचा म्हणून पोलिसांपुढे ठेवतो. पोलीस शेजारणीला दुसऱ्या दिवसाबद्दल विचारत राहतात, आणि त्या दिवसाबद्दल तिला खोटं बोलावंच लागत नाही. म्हणजे तिथे मृत्यूची तारीख पुढे ढकलली. इथे सहलीची तारीख मागे ओढली. तिथे एक निरपराध माणूस मारावा लागला, इथे कुणालाच नाही. विजयला आपण माफ करतो आणि त्या शिक्षकाला करू शकत नाही, ते म्हणूनच.

‘दृश्यम’चं चिनी रूपांतरही पाहिलं, २०१९ चं. कथा थायलंडमध्ये घडते. तिथे बाप शेवटी स्वतःहून गुन्हा कबूल करतो. मला तो शेवट ओढूनताणून आणलेला वाटला.

आईची_माया

सगळ्यांचं वाचलं. एवढं बारकाईने कुणी लिहीत नाही आजकाल. पण एक बाजू राहतेय.

माझा मुलगा एकवीस वर्षांचा आहे. मीरा देशमुखचं वागणं चुकीचं आहे, तिने मुलाला वाया जाऊ दिलं, त्या लेकरांना मार खाऊ घातला, सगळं मान्य. पण शेवटी ती आणि तिचा नवरा विजयला भेटतात, तेव्हा त्यांना एवढंच हवं असतं की मुलगा जिवंत आहे की नाही ते कळावं. आणि विजय थेट काहीच न सांगता सांगतो, माफी मागतो. नवरा झालेल्या रजत कपूरचा चेहरा तिथे बघवत नाही. बनाव इतका पक्का आहे की त्यातून आईबापाला रडायलाही जागा उरलेली नाही. मुलाला अग्नी देता येत नाही. तो कुठे आहे ते त्यांना कधीच कळणार नाही.

मी विजयच्या जागी असते तर मीही माझ्या मुलींसाठी हेच केलं असतं. तरीही त्या दृश्यात मी मीराच्या बाजूने रडते.

उंबरठा

ताई, मी त्या दृश्यापाशी वही मिटली होती. लिहवलं नाही.

खटला_दाखल

आईची माया, तुम्ही लिहिलंत ते दुसऱ्या भागाने उचललंय. मल्याळम दुसरा भाग फेब्रुवारी २०२१ चा, हिंदी नोव्हेंबर २०२२ चा. त्यात बापाला मुलाचे अवशेष हवे असतात, आणि शेवटी विजय अस्थी तरी पोचवतो. माझ्यासाठी त्या भागातली सगळ्यात चांगली गोष्ट तीच.

बनाव म्हणून दुसरा भाग मला कमी पटतो. सांगाडा अदलाबदल करणं, त्यासाठी वर्षानुवर्षं माणसं जोडून ठेवणं, स्वतःची गोष्ट आधीच लिहून नोंदवून ठेवणं, म्हणजे पुढे पोलिसांनीच ती कथा चोरून खटला रचला असं म्हणता येईल. हुशारी आहे, टाळ्याही पडतात. पण पहिल्या भागात एकाही माणसाला काही माहीत असावं लागत नव्हतं. दुसऱ्यात योगायोग आणि ओळखी लागतात.

मनमोर

सहमत. पहिला बनाव कुठल्याही घरातून उभा राहू शकेल असा वाटतो, म्हणून तो अंगावर येतो.

लाल_डबा

मी बरेच दिवस फक्त वाचते, आज पहिल्यांदा लिहितेय. माझे वडील एसटीत कंडक्टर होते, कोकणातल्या एका आगारात. तिकिटावरून मला प्रश्न पडला. जुन्या तिकिटांवर अनुक्रमांक असायचा आणि कंडक्टर वेबिलवर नोंद करायचा, कुठल्या फेरीला कुठल्या क्रमांकापासून कुठल्या क्रमांकापर्यंत तिकिटं फाडली. म्हणजे तिकीट हातात आलं की ते कुठल्या दिवशी फाडलं ते आगारात काढता यायचं, कंडक्टरच्या आठवणीची गरज नाही. गोव्यात खासगी बस पुष्कळ, तिथे तिकीट मिळेलच असं नाही, म्हणून सिनेमात हे चालून गेलं असेल. संध्याकाळी बाबांना विचारून सांगते.

उंबरठा

लाल डबा, नक्की विचार. वेबिलचं तुझ्याशिवाय कुणी सांगितलं नसतं.

लाल_डबा

विचारलं. बाबांनी सिनेमा टीव्हीवर पाहिलाय, त्यामुळे समजावून सांगावं लागलं नाही. ते म्हणाले, वेबिल आगारात जमा व्हायचं. पोलिसांनी ते मागितलं असतं तर तासाभरात दिवस कळला असता, पण त्यांच्या सगळ्या नोकरीत कुणी वेबिल मागायला आलं नाही. विचारपूस झाली की सगळे कंडक्टरलाच विचारायचे.

मग मी विचारलं, तुम्हाला कुणी असं येऊन गप्पा मारून तारीख सांगितली असती तर? बाबा थोडा वेळ गप्प राहिले. म्हणाले, “दोन पोरी, धाकटी खिडकीशी बसलेली, बाप हसतमुख. एवढं मला वर्षभराने पण आठवलं असतं. तारीख त्याने सांगितली असती तीच मी सांगितली असती. आणि पोलिसाने मारलं असतं तरी तीच सांगितली असती.”